दोन सीटचं लाकडी ग्लायडर: शेजारी-शेजारी की मागे-पुढे?

सातपूरवाला:
मंडळी, दोन सीटच्या जुन्या लाकडी ग्लायडरचं पाव आकाराचं आरसी (रिमोटवर उडणारं) मॉडेल करायचं मनात आहे. बाबा एनसीसीच्या एअर विंगला होते, हडपसरला रोहिणी ग्लायडरमध्ये बसलेत. ते म्हणतात, दोन्ही सीट शेजारी-शेजारीच हव्यात. मला मागे-पुढे सीटवालं सडपातळ दिसतं म्हणून आवडतं. दिसण्यापलीकडे काही फरक पडतो का? आणि पंखाच्या पुढच्या भागावर प्लाय तिरका का लावतात? सरळ लावला तर वाया कमी जातो.

ओझरचे काका:
बाबांचं ऐक. आम्ही ओझरला मिग जोडायचो, म्हणजे सगळा पत्रा आणि रिव्हेट. लाकडाचा नाद घरचा, वडील सुतार.

सीट कुठे हे ठरलं की अर्धं ग्लायडर ठरलं. शेजारी बसवले की मास्तरला शिकणाऱ्याचे हात दिसतात, बोललेलं ऐकू जातं. स्लिंग्जबी टी-२१ हे ब्रिटिश ग्लायडर बघ. १९४४ ला पहिल्यांदा उडालं, उघडं कॉकपिट, पंखाला खालून तिरका टेकू. ब्रिटनच्या एअर कॅडेट्सनी ते १९८० च्या दशकापर्यंत वापरलं. आपली रोहिणीही शेजारी-शेजारीच, रामामृतम यांचं डिझाइन, १९६१ चं. तोटा एकच, धड रुंद होतं आणि हवा जास्त अडते. पण शिकाऊ विमानाला कुठे शर्यत जिंकायची असते?

मागे-पुढे बसवताना खरी डोकेदुखी तोलाची. मागचा माणूस कधी असणार, कधी नसणार. म्हणून त्याची सीट गुरुत्वमध्यावर ठेवतात. हान्स याकोब्सच्या १९३५ च्या क्रानिख ग्लायडरमध्ये तसंच आहे, त्यामुळे एकट्याने उडताना मागे वजन ठेवायला नको. पण मग मागचा बसतो बरोबर पंखाच्या पोटात, त्याला खाली धड काही दिसत नाही. त्यावरचा उपाय म्हणजे पंख किंचित पुढे झुकवणं. मुळाशी पंख मागे सरकतो, मागच्याला दिसायला लागतं आणि उचल मात्र जागच्या जागी राहते. कायझरच्या का-२ ग्लायडरचे पंख असे पुढे झुकलेत ते यासाठी, शोभेसाठी नाही.

आता प्लाय. स्पारपासून, म्हणजे पंखाच्या आतल्या मुख्य तुळईपासून, पुढच्या कडेपर्यंत प्लायने मढवलेल्या भागाला आम्ही डी-बॉक्स म्हणतो. वाकण्याचा ताण स्पारच्या वरच्या-खालच्या पट्ट्या घेतात, म्हणून त्या मुळाशी जाड आणि टोकाला बारीक. पिळाचा ताण घेतो हा डी-बॉक्स. पीळ म्हणजे ४५ अंशांतली ओढाताण, मग प्लायच्या लाकडाच्या रेषा त्या दिशेला नकोत? विश्वास बसत नसेल तर पंखाचे वीतभर लांबीचे दोन तुकडे कर, एकावर प्लाय सरळ, एकावर तिरका, आणि ओल्या फडक्यासारखे पिळून बघ. सरळवाला हातात कुरकुरेल. प्लायचे पैसे तिथे वाचवू नकोस.

पंचवटीची वैशाली:
काका, डिंकाबद्दलही सांगा ना. आमच्याकडे श्रावणात दारंसुद्धा फुगून बसतात.

ओझरचे काका:
बरं केलंस विचारलंस. जुनी ग्लायडरं केसीनने, म्हणजे दुधातल्या प्रथिनाच्या डिंकाने चिकटवलेली असत. दमट हवेत त्याला बुरशी धरते आणि सांधा सुटतो, तोही आतून, वरून काही कळत नाही. म्हणून जुनं लाकडी ग्लायडर उघडून तपासल्याशिवाय उडवू नये. पुढे युरिया-फॉर्मल्डिहाइडचे डिंक आले. मॉडेलच्या स्पारला इपॉक्सी लाव. लाकूड पावसाळ्यात कापू नको, दिवाळीनंतर काप. आता पाणी धरलेल्या फळीची रिब (पंखाची बरगडी) एप्रिलात आखडते.

कॉलेजरोडचा कॅडेट:
थोडं अवांतर. आपल्याकडे ग्लायडरांना नक्षत्रांचीच नावं: अश्विनी, भरणी, कार्तिक, रोहिणी, मृगशीर, आर्द्रा. यातलं आर्द्रा (१९७९) दोन सीटचं, मागे-पुढे. निफाडकडचा शेतकरी म्हणेल, रोहिणी, मृग, आर्द्रा म्हणजे पेरणीची पंचांगं!

मुद्द्याचं: वजनाचा हिशोब केलास का? टी-२१ चा पंखविस्तार १६.४६ मीटर, पाव आकारात ४.१. वजन घनात कमी होतं, म्हणजे चौसष्टावा भाग. दोन माणसांसकट सुमारे पावणेपाचशे किलो धर, तर मॉडेल साडेसात किलोच्या आत हवं. वेग निम्मा, पण आकार पाव, म्हणून उडताना ते खऱ्यापेक्षा चपळ दिसतं.

आणि जागा? एकीकडे ओझर विमानतळ, दुसरीकडे गांधीनगरची लष्करी धावपट्टी, शिवाय देवळालीचा तोफखाना. डिजिटल स्कायच्या (ड्रोन कुठे उडवता येतात ते दाखवणाऱ्या सरकारी साइटच्या) नकाशावर हिरवं बघितल्याशिवाय गाडी काढू नको.

सातपूरवाला:
टी-२१ नक्की, शेजारी-शेजारीच. बाबा खूश आहेत, त्यांना डावी सीट हवीय, पुतळा का होईना. काका, पिळायचे तुकडे रविवारी करतो. टेकूला ॲल्युमिनियमची नळी चालेल, की लाकूडच?

ओझरचे काका:
नळी आतून, वर लाकडाचा थेंबाकार साज. पण आधी तुकडे पिळ.