सरकारी रिळांतला वेगळा माणूस
'फिल्म्स डिव्हिजन या केंद्र सरकारच्या माहितीपट बनवणाऱ्या संस्थेने निव्वळ सरकारी प्रचारच केला' हे या चर्चेतल्या एका प्रतिसादातले मत बऱ्याच अंशी मान्य केले, तरी तिथले माहितीपटकार एस. एन. एस. शास्त्री यांना त्याच माळेत ओवणे अन्यायाचे होईल. मुख्य चित्रपटाआधी सक्तीने दाखवल्या जाणाऱ्या अशा रिळांच्या वेळी आमच्या बेळगावात निम्मे प्रेक्षक बाहेर चहा घेत असत, तेव्हा हे नाव फारसे कोणाला ठाऊक नसावे यात नवल नाही. १९६७ साली त्यांनी स्वातंत्र्याच्या वर्षी जन्मलेल्या तरुणांना बोलते करून 'आय ॲम ट्वेंटी' हा सुमारे वीस मिनिटांचा कृष्णधवल माहितीपट केला. त्यात स्वप्ने सांगणाऱ्यांच्या जोडीला, देशाविषयी आपल्याला प्रेम वाटत नाही असे उघड म्हणणारा तरुणही आहे, आणि सरकारी पैशाने बनलेल्या माहितीपटात ते वाक्य शाबूत राहिले.

चर्चेत न आलेला मुद्दा माहितीपटात लोकांना बोलते करताना प्रश्न विचारण्याच्या पद्धतीचा आहे. निपाणीत विडी कामगार स्त्रियांचे चित्रण करताना आम्ही सीमाप्रश्नाविषयी थेट विचारले, तेव्हा मांडीवरच्या सुपातले हात थांबले आणि सभेत ऐकलेलीच वाक्ये कानी आली. मुलीला कोणत्या माध्यमाच्या शाळेत घातले, एवढेच विचारल्यावर मात्र पानावर तंबाखू पसरून दोरा गुंडाळता गुंडाळता एक मावशी नोकरी, कन्नड आणि महाराष्ट्रातले सासर यांचा हिशेब बराच वेळ मांडत राहिल्या.