मदत हवी आहे : जिथे ग्रहच जीवावर उठतो अशा कथा

नमस्कार मंडळी. सुट्टीत आमच्या सोसायटीतल्या सातवी-आठवीच्या मुलांसाठी विज्ञानकथांच्या गप्पा ठेवल्या आहेत. विषय घेतलाय धोकादायक ग्रह. राक्षसी परग्रहवासी नकोत, धोका ग्रहाच्या हवा-पाण्यातून, गुरुत्वाकर्षणातून आलेला हवा.

‘इंटरस्टेलर’ (2014) या चित्रपटातला पाण्याचा ग्रह ठरलाच आहे. गुडघाभर पाणी, दूरवर डोंगर दिसतो, आणि तो डोंगर नसून लाट असते! तिथला एक तास म्हणजे पृथ्वीवरची सात वर्षं. हे मी घरी भाचीला सांगितलं, तर ती म्हणाली, “मग लाट एवढी उंच कशी? पाणी तर गुडघ्याएवढंच आहे.” शेजारच्या कृष्णविवरामुळे येणारी प्रचंड भरती, एवढं मला ठाऊक आहे. पण मुलांना पटेल असं सोपं कसं सांगायचं? परातीत पाणी घेऊन करून दाखवता येईल का? भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या कुणी सुचवलं तर फार बरं होईल.

‘ड्यून’ या विज्ञानकादंबरीतलं वाळवंटही घेणार आहे. वाळूवर एका लयीत पावलं टाकली की खालचा महाकाय किडा येतो, म्हणून लोक मुद्दाम ताल चुकवून चालतात. मुलांना हे अंगणात चालून बघायला नक्की आवडेल.

अडलंय ते मराठीत. अशा ग्रहांवरच्या मूळ मराठी किंवा चांगल्या अनुवादित कथा कुणी सांगाल का? वीस मिनिटांत मोठ्याने वाचून होईल अशी असेल तर उत्तमच.