बल्गेरियाचा पहिला कथापट आणि रंगभूमीवरचा नट

तापीकाठ (जळगाव):
नमस्कार. आमच्या हौशी नाट्यमंडळात मला मूकपटांवर एक टिपण वाचायचे आहे. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'विषयी (१९१३) मंडळात सगळ्यांनाच पुरेसे ठाऊक असल्यामुळे मी मुद्दाम बल्गेरियाकडे वळलो. तिथला पहिला कथापट 'बल्गारान ए गालांत' १३ जानेवारी १९१५ रोजी सोफियाच्या 'मॉडर्न थिएटर'मध्ये दाखवला गेला, आणि त्याचे लेखन, दिग्दर्शन व नायकाची भूमिका ही सगळी कामे वासिल गेंडोव या एकाच रंगभूमीवरच्या नटाने अंगावर घेतली होती. माझी शंका अशी की, शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवण्याची सवय लागलेला नट, जिथे आवाजच नाही अशा माध्यमात नेमके काय घेऊन गेला असेल?

भुसावळचा प्रॉम्प्टर:
अंग घेऊन गेला. कथाच पाहा ना: एक छानछोकी तरुण रस्त्यात एका बाईच्या मागे लागतो, ती त्याला न झिडकारता खर्चात पाडते, दुकानादुकानांतली पुडकी त्याच्या हातावर चढवत जाते, आणि शेवटी तिचा नवरा भेटतो तेव्हा तो या गृहस्थाला हमाल समजून मजुरी देऊ करतो. हे सरळसरळ प्रहसन आहे. पुडक्यागणिक चालीतली ऐट उतरत जायला हवी आणि तरीही चेहऱ्यावरचे हसू टिकायला हवे. हे काम तालमीत मुरलेल्या नटाचेच. एका तालुक्याच्या गावी उघड्या मंचावर आमचा माईक ऐन प्रयोगात बंद पडला, तेव्हा मागच्या लोकांना एकही वाक्य ऐकू येत नव्हते, तरी ट्रंक उचलण्याच्या प्रसंगाला हशा बरोबर आला.

अमळनेरकर:
प्रॉम्प्टरसाहेबांचे म्हणणे पटते, पण अर्धेच. त्या चित्रपटाची प्रत आज उपलब्ध नसल्यामुळे अभिनयाविषयी आपण कथेवरून तर्क करत आहोत, एवढे टिपणात स्पष्ट लिहावे. माझ्या मते गेंडोव यांचे मोठेपण अभिनयापेक्षा चिकाटीत आहे. स्थिरावलेला चित्रपट-व्यवसाय पाठीशी नसताना, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरात देश महायुद्धात उतरलेला असताना, त्यांनी चित्रपट करणे सोडले नाही. अभिनेत्री असलेल्या त्यांच्या पत्नी जाना गेंडोवा याही या कामात होत्या. १९३३ साली वासिल लेव्हस्की या क्रांतिकारकावरचा 'बुंट ना रोबिते' हा बल्गेरियाचा पहिला बोलपटही गेंडोव यांनीच काढला, म्हणजे नटाचा हरवलेला आवाज त्याला अठरा वर्षांनी परत मिळाला. आपल्याकडे बालगंधर्व 'धर्मात्मा'त (१९३५) पडद्यावर आले ते गळा सोबत घेऊनच, हा फरकही नोंदवण्याजोगा आहे.

तापीकाठ (जळगाव):
आपणा दोघांचेही आभार. प्रतीविषयीचा खुलासा पहिल्याच परिच्छेदात घालतो. वाचनाआधी मंडळातल्या एका नटाकडून तो पुडक्यांचा प्रसंग एकही शब्द न उच्चारता करून घेण्याचे ठरवले आहे. पुडकी किती असावीत, एवढे मात्र प्रॉम्प्टरसाहेबांनी सांगावे.

भुसावळचा प्रॉम्प्टर:
सात. सातवे हनुवटीखाली.