एक घंटा झाला की एक तास झाला?

धुऱ्यावरचा: मंडळी, एक शब्द अडलाय. पोरांसाठी एक लांब गोष्ट लिहून राहिलो, नादगड नावाच्या राज्याची. तिथं सूर्य उगवतो, मावळतो, पण वेळ त्याच्यानं सरकत नाही. वेळ सरकते ती गढीवरच्या घंटेनं. आवाज जिथवर पोचतो तिथवर वेळ पुढं जाते, त्याच्या पल्याड जो उभा असेल त्याची वेळ तिथंच थांबते. एक बाई धुऱ्यापलीकडं नवऱ्याची वाट पाहत उभी आहे, तिची अजून तीच सकाळ चालू आहे आणि इकडं गावात तिची पोरगी म्हातारी झाली. आता मी सगळीकडं "एक घंटा झाला", "दोन घंटे झाले" असं लिहिलं, कारण घरी, वावरात, एसटीत आम्ही असंच बोलतो. ओळखीच्या एका सरांना वाचायला दिलं तर त्यांनी प्रत्येक घंट्याला लाल गोल करून वर तास लिहून दिलं. म्हणाले, वेळेला घंटा म्हणणं हिंदी आहे. पण माझ्या गोष्टीत वाजते ती वस्तू आणि वेळ एकच आहे ना! काय करू?

जुनी पाटी: सरांचं बरोबर आहे भाऊ. मराठीत घंटा स्त्रीलिंगी, "घंटा झाली" म्हणजे वाजली. "घंटा झाला" हे नागपूरच्या बाजारातून आलेलं हिंदी. मी तीस वर्षं शाळेत शिकवलं, पोरांच्या वह्यांतून हाच घंटा खोडत आलो. राजाचं राज्य आहे तर घटिका घ्या, 24 मिनिटांची, 60 घटिकांचा दिवस. नाहीतर होरा घ्या, तो तासाएवढाच. संस्कृत, आपलं.

झाडीकडली: गुरुजी, रागावू नका, पण होरा ग्रीकांकडून आला, ज्योतिषाबरोबर. संस्कृतात मुरला म्हणून आपला वाटतो. मग घंटा तर मुळातच संस्कृत, त्यालाच कशाला दाराबाहेर उभं करायचं? आणि आमच्या भंडाऱ्याकडं वेळेला बेरा म्हणतात, तोही तुम्ही खोडाल.

पऱ्हाटी: मला तर वाटते सरांनी नकळत दादाचं कामच केलं. तास हा शब्दच वाजणारा आहे. फारसीत तास म्हणजे वाटी, थाळी. इकडं वेळ सांगायला जी धातूची थाळी टांगून ठोकायचे ती तास, आणि ती जे सांगायची तेही तास झालं. घटिकापात्राची तळाला भोक असलेली वाटी पाण्यात बुडाली की टोला मारायचा, असं ते काम. हिंदीत घडियाल म्हणजे पण ठोकायची झांजच. आमच्या गावच्या शाळेत रुळाचा तुकडा टांगलेला होता, त्याच्यावर लोखंडी दांडा पडला की आम्ही "तास वाजला" म्हणायचो. तो तास 35 मिनिटांचा होता, साठचा नव्हता, तरी तासच. म्हणजे मिनिटं मोजून तास होत नव्हता, वाजला की होत होता. नादगडात हेच आहे की नाही?

धुऱ्यावरचा: ताई, हे मला माहीतच नव्हतं. पण आजची पोरं तास वाचून थाळी ऐकतील का? घंटा वाचली की कानात वाजतेच.

मूर्तिजापूर लाईन: आमच्या आजीकडं घड्याळ नव्हतं, शकुंतलेची, म्हणजे आमच्या छोट्या रेल्वेगाडीची शिट्टी होती. 1994 पर्यंत वाफेचं इंजिन होतं, लांबून ऐकू यायचं. शिट्टी झाली की आजी तवा चुलीवर ठेवायची. गाडी उशिरा आली त भाकरी उशिरा, आणि तिच्या मते तिला उशीर झालाच नाही, कारण शिट्टीच आता झाली. मी लहान होतो, मले ते एकदम बरोबर वाटे, आजही वाटते. आणखी एक, आवाज सेकंदाला साधारण 340 मीटर जातो, म्हणून साडेतीन किलोमीटरवरच्या गावचा "आत्ता" तुमच्या गढीपेक्षा दहा सेकंद मागं असन. त्या दहा सेकंदांत गढीवर काही घडलं त त्या गावासाठी ते अजून घडलंच नाही. हे गोष्टीत घ्या भाऊ, लय मोठं आहे हे.

झाडीकडली: लहान माप लागलं तर मात्रा घ्या. ह्रस्वाची एक, दीर्घाच्या दोन, प्लुताच्या तीन. जुन्या शिक्षाग्रंथात, म्हणजे उच्चार शिकवणाऱ्या पोथीत, तर पशुपक्ष्यांवरून सांगितलंय, चाष म्हणजे आपला नीळकंठ एक मात्रा बोलतो, कावळा दोन, मोर तीन, मुंगूस अर्धी. आवाजानं वेळ मोजणं काही नवीन नाही.

जुनी पाटी: मात्रा उत्तम. पण घंट्याला माझा विरोध कायम. आज वेळेचा घंटा चालला तर उद्या पोरं तास हा शब्दच विसरतील.

वखरपाळी: कसे विसरतील गुरुजी, आमच्या वावरात पाय ठेवा, सगळे तासच आहेत. डवरणी, म्हणजे उभ्या पिकातलं तण काढायला डवरा चालवताना दोन ओळींमधून बैल चालतात ते तास. मला तर वाटते एक तास धरून या टोकापासून त्या टोकाला जाऊन परत यायला जेवढी वेळ लागे, त्यालाच तास म्हणू लागले.

पऱ्हाटी: नाही हो काकाजी, तो शब्द वेगळा. वेळेचा तास पुल्लिंगी, वावरातलं तास नपुंसकलिंगी. नांगरानं जमीन तासत जाते त्यातलं ते तास असावं.

वखरपाळी: आमच्याकडं कोणी "ते तास" म्हणत नाही. "तो तास सोडून दे, तुरीचा आहे" असंच म्हणतात.

मूर्तिजापूर लाईन: आमच्याकडं "तासं" म्हणतात. "दोन तासं राहिली."

धुऱ्यावरचा: माझ्या घंट्याचं काय मग? आणि घंटा चोरीला जाते तिथून पुढं दुसरी बसेपर्यंतच्या काळाला काय म्हणू, तो काळ तर नाहीच ना...

वखरपाळी: थांबा भाऊ, आधी हे तासाचं लागू द्या. बापू डवऱ्यावर गेलेत, संध्याकाळी आले की तो तास की ते तास विचारून सांगतो.