मदत हवी आहे: चार-बार गुडघ्याची यंत्रणा पिना घट्ट केल्या की अडकते

नमस्कार मंडळी,

मी डिप्लोमा मेकॅनिकलच्या शेवटच्या वर्षाला आहे. मांडीतून पाय कापावा लागलेल्यांसाठी जो कृत्रिम गुडघा असतो, त्याचं मॉडेल प्रकल्प म्हणून करतोय. एकाच पिनवर दुमडणारा साधा गुडघा करायचा नाही, चार-बारचाच करायचा हे पक्कं आहे, म्हणजे मांडीचा तुकडा, नडगीचा तुकडा आणि त्यांना जोडणाऱ्या पुढची-मागची अशा दोन दांड्या, चार पिनांनी जोडलेल्या. त्यात पुढच्या आणि मागच्या दांडीच्या रेषा वाढवल्या की जिथे छेदतात, त्या बिंदूभोवती त्या क्षणी गुडघा फिरतो. पाय सरळ असताना हा बिंदू उंच आणि वजनाच्या रेषेच्या मागे ठेवता येतो, त्यामुळे टाच टेकवताना गुडघा दगा देत नाही. शिवाय पाय पुढे टाकताना नडगीची बाजू किंचित आखूड होते, म्हणजे चवडा जमिनीला अडखळत नाही. जयपूर फूटच्या संस्थेसाठी स्टॅनफर्डच्या विद्यार्थ्यांनी केलेला प्लास्टिकचा गुडघाही चार-बारचाच आहे. कमी पैशात इतकं चांगलं काम होऊ शकतं हे त्यामुळेच कळलं.

आता अडचण. डाव्या-उजव्या दोन्ही बाजूंना ॲल्युमिनियमच्या पट्ट्या, पितळी बुश (पिन ज्यात फिरते ती नळी), स्टीलच्या पिना. पिना सैल असताना सगळं छान फिरतं. घट्ट केल्या की थोडं वाकतं आणि अडकतं. पट्ट्यांच्या लांब्या तपासल्या, बरोबर आहेत. वंगणाने काही फरक नाही.

गणितानेही गोंधळात टाकलंय. यंत्रणेला किती स्वतंत्र हालचाली (डिग्री ऑफ फ्रीडम) उरतात ते सांगणारं ग्रुबलरचं सूत्र, प्रतलासाठी, चार भाग आणि चार पिना धरून: 3(4−1) − 2×4 = 1. एक डिग्री ऑफ फ्रीडम, हवी तशी. तीच यंत्रणा त्रिमितीत मोजली तर 6(4−1) − 5×4 = −2. उणे दोन म्हणजे ती हलायलाच नको! मग सैल असताना हलते कशी? आणि आपल्या खऱ्या गुडघ्यात तर पिन नाही, बुश नाही. तो कसा अडकत नाही?

प्रतिसाद १

तुमचं उत्तर त्या −2 मध्येच आहे. प्रतलाचं सूत्र चारही अक्ष तंतोतंत समांतर आहेत असं धरून चालतं. त्रिमितीचं सूत्र काहीच धरून चालत नाही, नुसती बंधनं मोजतं. 1 हवा होता, −2 आला, म्हणजे तीन बंधनं जास्तीची: एक अक्षाच्या दिशेने सरकण्यावर, दोन तिरकं होण्यावर. अक्ष समांतर आहेत तोवर ही तिन्ही फुकटची, त्यांचा त्रास नाही. एक भोक जरा तिरकं पडलं की ती आड येतात. पिन सैल असताना तेवढा फरक फटीत जिरतो. तिपाई कुठेही टेकते, चार पायांचं टेबल मात्र खडबडीत जमिनीवर डुगडुगतं, तसलंच हे. त्यात तुमच्या दोन्ही बाजूंच्या पट्ट्या सुट्या-सुट्या, म्हणजे जास्तीची बंधनं आणखी वाढली.

डाव्या-उजव्या पट्ट्या एकत्र क्लॅम्प करून एकाच सेटिंगमध्ये भोकं पाडा. बुश दाबून बसवल्यावर आतून आवळतो, म्हणून रीमर (भोक नेमक्या मापाचं करायचं हत्यार) बुश बसवल्यानंतर मारा, आधी नाही. जमलं तर दोन पट्ट्यांऐवजी मधे जोडलेली एकच रुंद दांडी करा.

प्रतिसाद २

मी फिजिओथेरपीत आहे, म्हणून खऱ्या गुडघ्यापुरतं सांगते. मांडीचं हाड नडगीच्या हाडावर दोन ठिकाणी टेकतं. त्याशिवाय हाडांना बांधून ठेवणारे तंतूंचे पट्टे, म्हणजे लिगामेंट, असतात; पुढचा क्रुशिएट, मागचा क्रुशिएट आणि आतल्या बाजूचा, या तिघांचे काही तंतू गुडघा वाकताना जवळजवळ तेवढ्याच लांबीचे राहतात. दोन आणि तीन, पाच बंधनं. मोकळ्या हाडाच्या सहा हालचालींतून ती वजा केली की 6 − 5 = 1. जास्तीचं एकही नाही! उरलेले तंतू बराच वेळ सैल असतात, आणि लिगामेंट फक्त ओढतो, ढकलत नाही. वर कूर्चा मऊ. म्हणूनच पाय पूर्ण सरळ होताना नडगी थोडी बाहेरच्या बाजूला वळते, ती हालचालही त्यात सहज बसते. तुमच्या समांतर पिनांना ती जमणार नाही, आणि कृत्रिम गुडघ्यात तिच्यामागे लागायची गरजही नाही.

धागाकर्ता

दोघांचे मनापासून आभार. पाच बंधनांचं गणित वाचून फार आनंद झाला. मग मीही जास्तीची बंधनं काढून टाकू का? रॉड-एंड बेअरिंग, म्हणजे सगळीकडे झुकू शकणारा गोल सांधा, लावून?

प्रतिसाद १

मॉडेलसाठी जरूर करून बघा. पुढची दांडी रुंद आणि पिनांवरच ठेवा. मागे मधोमध एकच दांडी, तिच्या दोन्ही टोकांना रॉड-एंड. पिनेची पाच आणि रॉड-एंडची तीन बंधनं धरून हिशोब 6(4−1) − (5 + 5 + 3 + 3) = 2 येईल. त्यातली एक म्हणजे मागच्या दांडीचं स्वतःभोवती फिरणं, त्याने काही बिघडत नाही. मात्र पाऊल वळवताना येणारा सगळा पीळ मग पुढच्या पिनांवर पडेल, तेव्हा त्या जाड घ्या आणि बुश लांब ठेवा. माणसाच्या पायाला लावायची वेळ आली तर हा पीळ मोजल्याशिवाय पुढे जाऊ नका, आणि तेव्हा सोबत प्रोस्थेटिस्ट, म्हणजे कृत्रिम अवयव बसवणारा तज्ज्ञ, हवाच.