कोडॅक बुडाली ती स्वतःच्या माणसाचं न ऐकल्यामुळेच ना?

जुना रोल
१९७५ साली कोडॅकच्या स्टीव्ह सॅसन या तरुण इंजिनिअरने रॉचेस्टरमध्ये डिजिटल कॅमेरा जुळवला. वजन साडेतीन किलोच्या वर, फोटो कृष्णधवल, आणि एक फोटो कॅसेटवर उतरायला २३ सेकंद. वरच्या साहेबांना दाखवला, पण फिल्मवर चालणाऱ्या कंपनीत त्याचं कौतुक कोणाला? पेटंट घेतलं, बाजारात उतरायची घाई मात्र केली नाही. जानेवारी २०१२ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज. माझं स्पष्ट मत आहे की स्पर्धक नंतर मारतो, आधी घरातल्या माणसाचं ऐकणं बंद होतं. तुम्हाला काय वाटतं?

भोसरीचा लेथवाला
ही गोष्ट प्रत्येक ट्रेनिंगमध्ये ऐकवतात आणि अर्धीच ऐकवतात. कोडॅकने डिजिटल कॅमेरे बनवले, विकलेही. २००५ मध्ये अमेरिकेत त्यांच्या विक्रीत ती पहिल्या नंबरवर होती. पण फिल्म, कागद आणि रसायनांत जो नफा सुटायचा तो कॅमेऱ्यात नव्हता. पुढे तर कॅमेरा फोनमध्येच आला. आणि १९७५ मध्ये तो फोटो लोकांनी बघायचा कशावर? घरोघरी कॉम्प्युटर होते का?

माझं छोटं वर्कशॉप आहे. पोरं आयडिया देतात, चांगल्याही असतात. फसली की रिजेक्शन माझं, गिऱ्हाईक पैसे कापतं त्याची डेबिट नोट माझ्या नावावर, आणि बँकेचा हप्ता काही थांबत नाही. अपयशातून शिकायचं, पण त्याची फी भरायला पैसे हवेत.

व्हीएमसी सेटर
लेथवाले साहेब, मी आधी जिथे होतो तिथलं सांगतो. एका कास्टिंगला, म्हणजे ओतीव भागाला, भोक तिरकं पडायचं. दोष ऑपरेटरवर, पगारातून कापायची भाषा. खरं कारण म्हणजे भाग धरून ठेवणाऱ्या फिक्स्चरच्या पॅडवर चिप्स, म्हणजे धातूचा कीस, साचायच्या आणि तो भाग एका बाजूने उचलला जायचा. नाइट शिफ्टचा पोरगा म्हणाला, पॅडच्या कडेने खाच मारा, थंड ठेवायला सोडतात त्या कूलंटबरोबर चिप्स वाहून जातील. उत्तर मिळालं, "तू बटण दाब." पुढे आख्खा लॉट परत आला, गिऱ्हाइकाच्या माणसाने तेच सांगितलं, तेव्हा खाच मारली. तासाभराचं काम! जुन्या फिक्स्चरवर पाच नग काढून बघायला कसली फी लागते? तो पोरगा परत कधी बोलला नाही. मग बाकीचेही गप्प झाले, आणि खराब नग बिनमध्ये तळाला जायला लागले.

भोसरीचा लेथवाला
ते चुकलंच, शंभर टक्के. पाच नगांत कळतं ते बघायलाच हवं. पण नवीन मशीन घ्या, नवीन गिऱ्हाईक धरा, हे पाच नगांत कळत नाही. तिथे ज्याची सही कर्जावर आहे त्यानेच ठरवायचं.

जुना रोल
पैसे असले तरच ऐकता येतं, हे मला मान्य नाही. १९५० मध्ये टोयोटा बुडायच्या बेतात होती. कामगार कपात, संप, आणि किइचिरो टोयोडांनी अध्यक्षपद सोडलं. कामगारांकडून सूचना घेण्याची योजना कंपनीने १९५१ मध्येच सुरू केली.

भोसरीचा लेथवाला
मधलं गाळलंत. कोरियन युद्धासाठी अमेरिकी लष्कराच्या ट्रकच्या ऑर्डरी आल्या, म्हणून टोयोटा तरली. आधी ऑर्डर, मग सूचनापेटी.

व्हीएमसी सेटर
ऑर्डर आली म्हणून कोणी आपोआप ऐकायला लागत नाही, साहेब. आमच्याकडे ऑर्डरी भरपूर होत्या. कर्जाचं तुम्हीच ठरवा, त्यावर भांडण नाही. आयडिया नको असेल तर का नको, एवढं त्या पोराला मशीनपाशी येऊन सांगा. दुसऱ्या दिवशी तो पुढची घेऊन येतो.