मदत हवी आहे: पावरा-भिल्ल गाणी आणि इंग्रजांचं राखीव जंगल

नमस्कार मंडळी, मी जळगावला एमए मराठी करतेय, डिझर्टेशनला विषय घेतलाय की इंग्रजांनी १८७८ च्या कायद्याने जंगल राखीव केलं त्याचे पडसाद नंदुरबारमधल्या धडगाव-अक्कलकुव्याकडच्या पावरा-भिल्ल आदिवासींच्या गाण्यांत कसे उमटतात. थिअरीसाठी रॉब निक्सनचं २०११ चं ‘स्लो व्हायोलन्स’ (गरिबांच्या वाट्याला हळूहळू, नजरेआड येणाऱ्या पर्यावरणीय हिंसेवरचं पुस्तक) वाचलं, भारी आहे, पण पहाटे टोपली घेऊन मोहाची फुलं वेचायला निघालेली बाई आणि वाटेत उभा फॉरेस्ट गार्ड, हे त्यात नेमकं कुठं बसवू तेच कळत नाहीये. सर म्हणतात बहिणाबाई घे, सोपं जाईल. बहिणाबाई मला जीव की प्राण आहेत, पण शेताची कविता वेगळी न जंगलाची वेगळी, असं मला ठाम वाटतं. तर पावरी-भिलोरी गाणी मराठी अर्थासकट छापलेली कुठे मिळतील? कुणी स्वतः रेकॉर्ड केली असतील तर प्लीज सांगा, गायलेल्या बायांची परवानगी घेऊनच वापरेन.